समुद्रतळची तार आणि तिचे धनी

रत्नागिरीकरांस समुद्र समजावून सांगण्याचे धाडस मी करणार नाही. मांडवीला उभे राहिले म्हणजे होड्या दिसतात, लाटा दिसतात. परंतु याच अरबी समुद्राच्या तळाशी जे दोर पडले आहेत, ते कोणाच्या दृष्टीस पडत नाहीत. इंटरनेट हवेतून येते, असा आपला समज. वस्तुतः हवेतला प्रवास मोबाईलपासून मनोऱ्यापर्यंतचा. परदेशी जाणारा बहुतेक मजकूर समुद्राखालच्या केबलींतूनच धावतो.

ही वाट जुनी आहे. १८६५ पासून हिंदुस्थान-विलायत तारेचा मार्ग तुर्की मुलखातून जाई. तिथे इंग्रजांचा हुकूम चालत नसे. म्हणून ते समुद्राखाली उतरले. १८७० साली ‘ग्रेट ईस्टर्न’ या अजस्र जहाजाने मुंबईहून एडनकडे तार टाकीत नेली. आत तांबे, वर गटापर्चा नावाच्या चिकाचे वेष्टन. पुढे सुएझ, अलेक्झांड्रिया, माल्टा, जिब्राल्टर करीत त्याच वर्षी ती इंग्लंडला पोहोचली. सोय आपलीही झाली. पण मालकी विलायती कंपन्यांची.

१ जानेवारी १९४७ रोजी हे परदेशी दळणवळण सरकारने ताब्यात घेतले. १९८६ साली ते विदेश संचार निगमाकडे आले. १५ ऑगस्ट १९९५ रोजी त्याच निगमाने इंटरनेट सर्वसामान्य ग्राहकांस खुले केले आणि २००२ साली निगमाची सूत्रे टाटांकडे गेली. तांब्याची जागा काचेच्या तंतूने घेतली, एवढाच काय तो फरक!

गलबत तुमचे असले, तरी धक्का दुसऱ्याचा असेल तर माल उतरावयाचा कसा? केबलीचेही तसेच आहे. मुंबईत वर्सोव्याला अनेक केबली किनाऱ्याला लागतात. जिथे त्या उतरतात त्या ठाण्याचा मालक इतरांना अडवू शकतो. म्हणून २००७ साली दूरसंचार नियामक प्राधिकरणाला नियम करावे लागले, की ठाणेवाल्याने इतर परवानाधारकांसही वाट द्यावी.

पुढच्याच वर्षी, ३० जानेवारीस, अलेक्झांड्रियाजवळ दोन केबली तुटल्या आणि भारतभर इंटरनेट मंदावले. १८७० चीच ती चिंचोळी वाट!

आज गुगल, मेटा यांसारख्या कंपन्याही केबलींत भांडवल घालीत आहेत. त्यांनी ते घालू नये, असे माझे म्हणणे नाही. मात्र आपल्या बँकेचा, पेढीचा, परगावच्या मुलाच्या ख्यालीखुशालीचा मार्ग ज्या दारांतून जातो, ती दारे किती आणि कोणाच्या हाती, याची चौकशी आपण केली पाहिजे. बंदराकाठच्या माणसाला हे अधिक सांगावयास नको.