पॅलिएटिव्ह केअर : कधी, कुठे आणि कशासाठी

गंभीर आजारात वेदना, धाप, उलट्या, झोप न लागणे असे त्रास कमी करणारे उपचार म्हणजे पॅलिएटिव्ह केअर. रुग्णाला आणि घरच्यांना मानसिक आधार देणे हाही त्याचाच भाग. हे उपचार फक्त शेवटच्या दिवसांचे, हा समज आपल्याकडे फार पक्का आहे आणि तो चुकीचा आहे. केमोथेरपी किंवा डायलिसिस चालू असतानाही ते घेता येतात. हृदय, फुप्फुसे, मूत्रपिंड यांच्या आजारांतही.

सिल्वासाहून कर्करोगाचे अनेक रुग्ण वापीला गाडी पकडून मुंबईला, परळच्या टाटा मेमोरियलला जातात. तिथे यासाठी स्वतंत्र विभाग आहे. 'आता घरी न्या' असे ऐकेपर्यंत न थांबता सुरुवातीच्या फेऱ्यांतच डॉक्टरांकडे या विभागाची चिठ्ठी मागावी, असे आम्ही सुचवतो.

सर्वांत जास्त घबराट मॉर्फिनच्या नावाने होते. 'सवय लागेल', 'म्हणजे आता संपलेच' असे म्हणून घरचेच गोळ्या लपवून ठेवतात, आणि माणूस रात्रभर कण्हत राहतो. डॉक्टरांच्या देखरेखीखाली कर्करोगाच्या वेदनेसाठी घेतलेल्या मॉर्फिनचे व्यसन क्वचितच लागते. साधी गोळी साधारण दर चार तासांनी, घड्याळ लावून द्यायची असते. दुखू लागण्याची वाट पाहायची नसते. बद्धकोष्ठता मात्र हमखास होते, म्हणून पोट साफ होण्याचे औषध सोबतच सुरू करतात. गोळी मनाने एकदम बंद करू नये.

१९८५च्या अमली पदार्थविषयक कायद्यामुळे मॉर्फिन मिळणे अवघड झाले होते. एकाच औषधासाठी अनेक परवाने लागत. २०१४च्या दुरुस्तीने देशभर एकसारखे नियम आणले, तरी ते आजही प्रत्येक दुकानात मिळत नाही. म्हणून मुंबईहून निघण्यापूर्वी पुढच्या फेरीपर्यंत पुरतील इतक्या गोळ्या, मूळ चिठ्ठी आणि अडचणीत फोन करायचा नंबर घ्यावा. इथल्या श्री विनोबा भावे सिव्हिल हॉस्पिटलच्या डॉक्टरांनाही ती चिठ्ठी दाखवून ठेवावी.

घरी सांभाळणे शक्य नसेल तर वांद्र्याचे शांती आवेदना सदन आहे. १९८६मध्ये सुरू झालेले हे देशातले पहिले हॉस्पिस. बळावलेल्या कर्करोगाच्या रुग्णांना तिथे मोफत ठेवून घेतात. पुण्यात वारज्याला सिप्लाचे केंद्र १९९७पासून आहे, तेही मोफत. तिथे घरचे माणूस रुग्णासोबत राहते आणि जखम पुसणे, कूस बदलणे, नळीतून भरवणे शिकून घरी जाते. दोन्हीकडे जाताना उपचारांची सगळी कागदपत्रे न्यावीत, आणि आधी फोन करून जागा आहे का ते विचारावे.