गिटार मागच्या रांगेत होती

१९३० नंतरच्या अमेरिकेत स्विंग बँडचा जोर होता. पुढं ट्रम्पेट, सॅक्सोफोन गर्जायचे. गिटारवाला मागं बसून नुसता ठेका धरायचा. त्याचा आवाज कुणाच्या कानात शिरत नव्हता. तो शिरवला चार्ली ख्रिश्चन या काळ्या पोरानं.

जन्म १९१६, टेक्सासमधलं बॉनम. वाढला ओक्लाहोमा सिटीच्या काळ्या वस्तीत. बाप आंधळा, वाजवणारा. पोरांना घेऊन गोऱ्यांच्या आळीत वाजवायचा, मिळेल ते घ्यायचा. (हलगी-सनईवाल्या घरातल्या पोरांना हे वेगळं सांगायला नको.) त्याच वस्तीचा लेखक राल्फ एलिसन सांगतो, चार्ली शाळेत सिगारच्या खोक्यांच्या गिटारी करायचा.

पुढं हातात विजेची गिटार आली. १९३९ साली जॉन हॅमंडनं त्याला बेनी गुडमनकडं नेलं. गुडमन गोरा, ज्यू. त्याच्या सेक्स्टेटमध्ये काळे-गोरे एकत्र वाजवत. त्या काळात ही लहान गोष्ट नव्हती. पण पाटीवर नाव गुडमनचंच.

काम संपलं की चार्ली हार्लेमच्या मिंटन्समध्ये. तिथं थेलोनिअस मंक, केनी क्लार्क. तिथं जे शिजलं त्याला पुढं बीबॉप म्हणाले. १९४१ साली एका कॉलेजच्या पोरानं ते यंत्रावर उतरवून घेतलं, म्हणून आज ऐकता येतं. जरूर ऐका. गिटार ठेका सोडून सॅक्सोफोनसारखी सलग बोलत सुटते.

टीबीनं गाठलं. २ मार्च १९४२, स्टेटन आयलंडचं सॅनेटोरियम. वय २५. पुरला बॉनमला. थडग्यावर दगड बसायला १९९४ उजाडलं.