बऱ्हाणपूरचा एक दिवस : ‘आपले’ म्हणजे कोण?

जळगाव जामोदच्या माणसाला बऱ्हाणपूर परकं नाही. जिल्ह्याचं ठिकाण बुलडाणा आम्हाला लांब आणि दुसऱ्या राज्यातलं बऱ्हाणपूर जवळ. सातपुडा ओलांडून उतरलं की तापीचं खोरं लागतं. लग्नाचा कपडा घ्यायला, सोयरीक बघायला, नाहीतर नुसती मावा जिलेबी खायला आमच्याकडची माणसं तिकडे जातात. बाजारात उर्दू, हिंदी आणि मराठी एकाच दुकानात ऐकू येतात. मीही लहानपणापासून कितीतरी वेळा गेलो आहे. पण इतिहासाचं शहर म्हणून ते कधी नीट पाहिलं नव्हतं.

पाहायला लावलं भाच्यानं. २०२५च्या फेब्रुवारीत ‘छावा’ प्रदर्शित झाला. बारावीतला हा मुलगा वर्गमित्रांबरोबर तो बघून आला. चित्रपटाची सुरुवातच बऱ्हाणपूरवरच्या हल्ल्यानं होते. नंतर मार्चमध्ये बातम्या आल्या, की असीरगडाच्या पायथ्याशी लोक रात्री बॅटऱ्या आणि धातुशोधक यंत्रं घेऊन शेतं खणत आहेत. चित्रपटात लुटीचं सोनं पाहिलं, ते इथेच कुठेतरी पुरलं असेल असा त्यांचा हिशेब. भाचा मोबाईलवर ते व्हिडिओ पाहत होता. एकदा जेवताना त्यानं विचारलं, “मामू, बऱ्हाणपूर लुटलं ते बरोबर होतं की चूक?”

माझ्याकडे तयार उत्तर नव्हतं. त्याला हा प्रश्न का पडला ते मात्र कळत होतं. चित्रपटगृहात घोषणा सुरू असताना आपण कुणाच्या बाजूनं बसलोय, हे त्याला कळेना. थंडी पडल्यावर एका रविवारी आम्ही क्रूझर ठरवली. भाचा, त्याचे दोन मित्र, त्यांतल्या एकाचे वडील, जे माध्यमिक शाळेत संस्कृत-मराठी शिकवतात, आणि मी. फजरनंतर निघालो. बऱ्हाणपुरात ओळखीतून एक वयस्कर वाटाड्या मिळाला. आयुष्यभर पॉवरलूमवर बसलेले हे चाचा आता पाहुण्यांना शहर दाखवतात.

एका मशिदीतले तीन लेख

चाचांनी आम्हाला आधी जामा मशिदीत नेलं. दोन उंच मिनार, कमानींची लांब रांग आणि घुमट नाही. फारुकी सुलतान आदिलशाह, म्हणजेच राजा अली खान, यानं ती बांधली. फारुकींनी चौदाव्या शतकाच्या अखेरीपासून १६०१ पर्यंत खानदेशावर राज्य केलं. शहराला नाव दिलं ते खुलताबादला दफन असलेल्या सूफी बुऱ्हाणुद्दीन गरीब यांचं आणि तापीच्या पलीकडच्या काठावर वसवलेल्या जैनाबादला त्यांचे खलिफा जैनुद्दीन शिराझी यांचं. थोडक्यात, या शहराचे पीर आपल्या मराठवाड्यात झोपले आहेत.

आत भिंतीवर अरबी लेख आहे आणि त्याच मशिदीत एक संस्कृत लेखही आहे. मी वाचून होतो, तरी प्रत्यक्ष पाहताना थबकलो. चाचा म्हणाले, “पचास बरस से देख रहा हूँ, पढ़ना नहीं आता. सर, आप देखो ज़रा.” सरांनी चष्मा पुसला आणि अक्षरं लावत गेले. सुरुवातीला सृष्टी निर्माण करणाऱ्याला वंदन, मग त्या निर्गुण, सर्वव्यापी तत्त्वाची स्तुती, मग फारुकी घराण्याची वंशावळ, शेवटी शके १५११, पौष महिना, तिथी, नक्षत्र. अल्लाहचं वर्णन करताना एकही शब्द अकीद्याबाहेर जाऊ दिलेला नाही आणि एकही शब्द पंडिताला परका वाटावा असा नाही. हा मजकूर ठरवताना मौलवी आणि शास्त्री एकत्र बसले असतील का, असं सरांनी विचारलं. चाचा म्हणाले, “बसल्याशिवाय कसं जमेल?”

याच मशिदीत तिसरा लेख आहे, फारसी. तो अकबराच्या विजयाचा, भक्करच्या मीर मुहम्मद मासूमनं कोरवलेला. तो समजायला या मशिदीच्या मालकाचं पुढे काय झालं ते पाहावं लागतं.

राजा अली खाननं मोगलांशी जुळवून घेतलं होतं. १५९७च्या सुरुवातीला गोदावरीकाठी सोनपेठजवळ खान-इ-खानान अब्दुर्रहीमच्या फौजेची लढाई अहमदनगर, विजापूर आणि गोवळकोंड्याच्या एकत्र सैन्याशी झाली. राजा अली खान मोगलांच्या बाजूनं लढला. लढाईच्या गोंधळात तो दिसेनासा झाला, तेव्हा तो शत्रूला मिळाला असा मोगल छावणीत बोलबाला झाला आणि त्याच्या डेऱ्यांची लूट झाली. दुसऱ्या दिवशी त्याचं प्रेत रणांगणावर सापडलं. भोवती त्याचे पस्तीस सरदार आणि पाचशे माणसं मरून पडली होती. मग मृतदेह बऱ्हाणपूरला आणून दफन केला.

चाचा हे सांगत होते तेव्हा मी भाच्याकडे पाहिलं नाही. मरेपर्यंत लढलेल्या माणसाच्या निष्ठेचा पुरावा म्हणून त्याचं प्रेतच सापडावं लागलं.

त्याचा मुलगा बहादूर खान हे विसरला नाही. तो मोगलांपासून दूर झाला आणि असीरगडावर जाऊन बसला. १६००च्या वसंतात अकबर स्वतः बऱ्हाणपुरात आला. वेढा महिनोन्‌महिने चालला आणि जानेवारी १६०१ मध्ये गड पडला. अबुल फजल गडावरच्या रोगराईवर भर देतो. अकबराबरोबर असलेल्या जेझुईट पाद्र्यांच्या हकिकतीत मात्र शपथ देऊन खाली बोलावलेल्या बहादूर खानला परत जाऊ न दिल्याची कथा आहे. बहादूर खान ग्वाल्हेरच्या कैदेत गेला आणि ज्या बापानं मोगलांसाठी जीव दिला, त्याच्याच मशिदीत मोगलांच्या विजयाचा लेख लागला. लढणारे दोन्हीकडे कलमा पढणारेच होते.

राणी आणि बिननावाचे मुडदे

दुपारी तापीकाठच्या शाही किल्ल्यात गेलो. इथे सगळे पर्यटक एकच गोष्ट विचारतात, मुमताज महल कुठे वारली? १७ जून १६३१ला चौदाव्या बाळंतपणात ती याच शहरात गेली. पलीकडच्या जैनाबादेत तिला तात्पुरतं दफन केलं आणि डिसेंबरात मृतदेह आग्र्याला नेला. पण बादशाह इथे का होता? खानजहान लोदीच्या बंडामागे आणि दख्खनच्या सुलतानांवर मोहीम काढून तो बऱ्हाणपुरात तळ देऊन बसला होता.

आणि तीच वर्षं गुजरात-खानदेश-दख्खनच्या भयंकर दुष्काळाची होती. १६३० ते ३२. पीटर मंडी नावाचा इंग्रज सुरतेहून आग्र्याला जाताना या वाटेनं गेला. रस्त्यावर पडलेली प्रेतं, ओस गावं, विकायला काढलेली मुलं, हे त्यानं लिहून ठेवलं आहे. धान्याचे बंजारा तांडे मात्र फौजेच्या पुरवठ्यासाठी बऱ्हाणपूरकडे चालले होते. शाहजहाननं लंगर उघडले, इथे दर सोमवारी पाच हजार रुपये वाटले, असं दरबारी इतिहासकार लाहोरी सांगतो. ते खरंच असेल. पण ज्या फौजेनं बाजार रिकामा केला, तीही त्याचीच होती.

त्या दुष्काळात मेलेल्यांची इथे एकही पाटी नाही. पाटी आहे ती ‘खुनी भंडारा’ नावाची. मुलांना नावामुळेच तिथे जायची घाई झाली होती. प्रत्यक्षात तिथे रक्ताचा थेंब सांडलेला नाही. सातपुड्यातून झिरपणारं पाणी जमिनीखालच्या बोगद्यांनी शहरात आणण्याची ही १६१५च्या सुमाराची योजना. वर विहिरींसारख्या शंभरावर कुंड्या, म्हणून कुंडी भंडारा हे दुसरं नाव. पाण्याच्या लालसर छटेमुळे ‘खुनी’ म्हणू लागले, असं सांगतात. लिफ्टनं खाली उतरलो, तर गुडघ्याएवढं गार पाणी आणि भिंतीवर क्षारांचे पांढरे थर. चाचा हसत म्हणाले, “जहाँ खून बहा वहाँ कोई नाम नहीं, जहाँ पानी बहा वो खूनी.”

१६८१

चहा घेताना भाच्यानं शेवटी विचारलंच. “चाचा, संभाजी महाराजांच्या फौजेनं लुटलं तेव्हा आपले किती लोक मेले?”

चाचांनी बशी खाली ठेवली. “आपले म्हणजे कोण, बेटा?”

मुलगा गोंधळला. चाचांनी उत्तराची वाट पाहिली नाही. त्यांनी जे सांगितलं ते ऐकीव होतं, पण खाफी खानच्या बखरीशी ते बरंचसं जुळतं. १६८१च्या प्रारंभी मराठा फौज अचानक आली. सुभेदार खानजहान बहादूर शहरात नव्हता. नायब काकर खानकडे मूठभर स्वार होते. त्यानं दरवाजे लावून घेतले. तटाच्या बाहेरची बहादुरपुरा आणि इतर सतरा पुरं तीन दिवस लुटली आणि जाळली गेली. तटाच्या आत अधिकारी सुरक्षित राहिले. बाहेर होते ते सराफ, व्यापारी, विणकर. बऱ्हाणपूरचं तलम कापड तेव्हा इराण, तुर्कस्तान, रशियापर्यंत जात असल्याचं टॅव्हर्निएनं लिहिलं आहे. ते विणणारे आणि विकणारे, मोमीन, बनिये, बोहरे, सगळे एकाच आगीत सापडले. त्यांतल्या अनेकांकडून दोनच वर्षांपूर्वी, १६७९ला, पुन्हा लादलेला जिझिया बादशाह वसूल करत होता आणि आता दुसऱ्या फौजेनं त्यांची घरं फोडली होती.

पुढची गोष्ट मला सगळ्यात महत्त्वाची वाटते. शहरातल्या उलेमा आणि प्रतिष्ठितांनी औरंगजेबाला अर्ज पाठवला, की आमची अब्रू आणि मालमत्ता गेली, रक्षण होत नसेल तर जुम्याची नमाज बंद ठेवू. म्हणजे खुतब्यात बादशाहाचं नावही येणार नाही. प्रजेला वाचवू न शकणारा राजा कोणत्या धर्माचा आहे याला या लोकांनी किंमत दिली नाही. बादशाह नोव्हेंबरात बऱ्हाणपुरात आला, तो दख्खनमध्ये मरेपर्यंत राहिला. पुढची सव्वीस वर्षं मराठी मुलखानं काय भोगलं, संभाजी महाराजांचा १६८९ला कसा छळ करून वध झाला, हे मुलांना पाठच होतं. सर म्हणाले, “तेव्हाची लष्करं लुटीवर चालायची. आपली असो की त्यांची, पगार तिथूनच निघायचा.” हे मराठी शाळेतल्या सरांनी म्हटलं, ते बरं झालं. मी म्हटलं असतं, तर त्याला वेगळा वास आला असता.

मीही एक भर घातली. १७६०ला उदगीरच्या लढाईनंतर बऱ्हाणपूर आणि असीरगड निजामाकडून पेशव्यांकडे आले. त्या लढाईत पेशव्यांच्या तोफा इब्राहिमखान गारद्याकडे होत्या. आणि १८०३च्या ऑक्टोबरात इंग्रज कर्नल स्टीव्हन्सननं पाच-सहा दिवसांत शहर आणि गड दोन्ही घेतले. महिनाभरानं त्याच फौजा आमच्या वऱ्हाडात अडगावला शिंदे-भोसल्यांशी लढल्या.

परत येताना

संध्याकाळी असीरगडावर पोचलो. गडावर फारुकींची मशीद, इंग्रजांच्या कबरी आणि एक जुनं शिवमंदिर आहे. लोक सांगतात, झोपलेल्या छावणीत शिरून मुलं मारणारा अश्वत्थामा कपाळावरची न भरणारी जखम घेऊन अजून इथे येतो आणि पहाटे पिंडीवर फूल ठेवून जातो. चाचांनीही ते सांगितलं, अगदी नेहमीच्या सुरात, जणू शेजारच्या गल्लीतल्या माणसाबद्दल बोलत आहेत.

खाली शेतं दिसत होती. खणलेले खड्डे बुजून गहू पेरला होता.

परतताना अंधार पडला. भाचा खिडकीशी बसला होता. बऱ्याच वेळानं म्हणाला, “मामू, चाचांनी विचारलं त्याचं उत्तर मी दिलंच नाही.”

“मग काय द्यायचं?”

“पुऱ्यात राहणारे,” तो म्हणाला. “तटाच्या बाहेरचे.”

सर पुढच्या सीटवर होते. ते मागे वळले, काही बोलले नाहीत. त्यांनी जिलेबीचा पुडा तेवढा मागे दिला.