जपानी विनोद आणि उमरेडची खडी गंमत

दिवाळी सरली कीं नागपूरच्या आग्नेयेस उमरेड, कुही, भिवापूर या भागांत गांवोगांवच्या मंडया भरूं लागतात. उमरेड हें एके काळीं कोष्टी विणकरांच्या रेशीमकांठी धोतरांसाठीं नांवाजलेलें आणि विसाव्या शतकाच्या उत्तरार्धापासून कोळशाच्या खाणीसाठीं ओळखलें जाणारें तालुक्याचें गांव. मंडईंत खरेदीविक्री होते, सोयऱ्याधायऱ्यांच्या भेटी होतात, आणि दंडार किंवा खडी गंमत रंगते. गंमतीचीं मंडळी सारा खेळ उभ्यानें करतात, म्हणून ती ‘खडी’. शाहीर कांहीं गंभीर बोलूं लागतो. शेजारचा सोंगाड्या त्यांतला एक शब्द उचलून त्याचा भलताच अर्थ करतो. शाहीर त्याला दटावतो. आणि दटावणीनें शहाणा होण्याऐवजीं तो आणखी खोल चिखलांत रुततो. नीट पाहिलें तर प्रेक्षकांचें हंसूं फुटतें तें चुकीपाशीं नव्हे, दटावणीपाशीं.

नेमकी हीच रचना जपानांत ओसाका शहराच्या ‘मान्झाइ’ या खेळांत आढळते. दोघे जण उभे राहून बोलतात. एक वेंधळा, त्याला ‘बोके’ म्हणतात. दुसरा त्याची चूक तत्काळ पकडणारा, तो ‘त्सुक्कोमी’. (मराठी कानाला पहिल्या शब्दानें मांजरें आठवलीं तर तो सोंगाड्याचाच धर्म झाला.) हा प्रकार मुळांत नववर्षाच्या दिवशीं दारोदार जाऊन शुभ चिंतणाऱ्या जोडगोळींचा, तोहि ढोलकीच्या साथीचा. 1930 सालीं एन्तात्सु आणि आचाको या जोडीनें पारंपरिक पोशाख टाकून पाश्चात्त्य कोट-पाटलोण चढविली, गाणें सोडलें आणि बेसबॉलच्या सामन्यासारख्या रोजच्या विषयांवर नुसतें बोलणें आरंभिलें. रेडिओनें त्यांचा आवाज घरोघर नेला.

असें असतांना जपानी मनुष्याला विनोदबुद्धि नाहीं, हा समज पश्चिमेकडे दीर्घ काळ टिकला. त्याचें मूळ विनोदाच्या अभावांत नसून त्याच्या जागेंत आहे. इंग्रज किंवा अमेरिकन वक्ता अनोळखी सभेंतहि आरंभींच एखादा चुटका सांगून मंडळींना मोकळें करतो. जपानी शिष्टाचाराप्रमाणें अनोळखी वा वडीलधाऱ्या माणसांसमोर तें धारिष्टच ठरतें. अमेरिकेचे माजी अध्यक्ष जिमी कार्टर हे पद सोडल्यानंतर जपानांतील एका महाविद्यालयांत बोलावयास गेले असतां त्यांच्या छोट्याशा चुटक्याला प्रचंड हंशा मिळाला. मागाहून दुभाष्याकडे चौकशी करतां उलगडलें तें असें, कीं त्यानें चुटका सांगितलाच नव्हता. ‘अध्यक्षांनीं एक गंमतीची गोष्ट सांगितली आहे, सर्वांनीं हंसावें’, एवढेंच तो म्हणाला होता. ही हकीकत स्वतः कार्टर सांगत. श्रोते पाहुण्याचा मान राखण्यासाठीं हंसले.

याच्या उलट बाजूची गोष्ट लाफ्कादियो हर्न या लेखकानें 1894 च्या आपल्या ग्रंथांत नोंदविली आहे. योकोहामा येथील एका परदेशी घरांतील जपानी मोलकरीण हंसतमुखानें मालकिणीकडे आली आणि नवरा वारल्याचें सांगून तिनें अंत्यविधीला जाण्याची परवानगी मागितली. संध्याकाळीं अस्थींचें पात्र दाखवितांनाहि ती हंसली. मालकिणीला ती निष्ठुर वाटली. हर्न सांगतो तें वेगळेंच: आपल्या दुःखाचा भार दुसऱ्यावर पडूं नये, यासाठीं केलेला तो शिष्टाचार होता.

जपानी हास्याला वाट मोकळी होते ती नेमलेल्या जागीं. नोह हें नाट्य गंभीर, संथ. त्याच्या दोन प्रयोगांमध्यें त्याच रंगभूमीवर ‘क्योगेन’ हीं प्रहसनें होतात. ही प्रथा चौदाव्या-पंधराव्या शतकांपासूनची. त्यांतील ‘बुसु’ हें अतिशय प्रसिद्ध. धनी बाहेर जातांना तारो आणि जिरो या दोन नोकरांना एक भांडें दाखवून बजावतो कीं यांत ‘बुसु’ नांवाचें जालीम विष आहे, त्यावरून आलेल्या वाऱ्यानेंहि माणूस मरतो. धन्याची पाठ वळतांच दोघे पंख्यानें उलट वारा घालीत भांड्यापाशीं पोंचतात. आंत असते साखर. ती फस्त होते. मग धन्याचें आवडतें चित्र फाडलें जातें, दोघे मिळून मोलाचा वाडगा फोडतात, आणि धनी परततांच रडूं लागतात: ‘झोंबी खेळतांना नुकसान झालें, प्रायश्चित्त म्हणून विष खाल्लें, पण मेलें मरण येत नाहीं!’ धनी त्यांच्यामागें धांवतो आणि खेळ संपतो. याच धाटणीची गोष्ट मुजू या भिक्षूच्या 1283 च्या सुमारास पुऱ्या झालेल्या संग्रहांत, आचार्य आणि त्याचा शिष्य यांच्यासंबंधीं, आलेली आहे. मोलियेरचा लबाड नोकरहि धन्याला फसवितो. परंतु तेथें शेवटीं लग्नें जुळतात, घडी नवी बसते. क्योगेनमध्यें कांहींच बदलत नाहीं. उद्यां तोच धनी, तोच तारो.

‘राकुगो’ हा कथनाचा प्रकार तर मराठी श्रोत्याला ओळखीचाच वाटेल. एक कथेकरी गुडघे मुडपून गादीवर बसतो. हातीं पंखा आणि सुती रुमाल. पंख्याचीच लेखणी होते, त्याचीच चिलीम होते. मान इकडे तिकडे वळवून तो चार-चार पात्रें उभीं करतो. या कलेचा पूर्वज मानला जाणारा साकुदेन हा धर्मोपदेशक होता. त्यानें 1623 मध्यें हजाराहून अधिक गोष्टी संग्रहित केल्या. कीर्तनाच्या पूर्वरंगाप्रमाणें राकुगोलाहि प्रास्ताविक असतें, त्याला ‘उशी’ म्हणतात. फरक एवढाच, कीं हरिदास उत्तररंगानंतर श्रोत्यांना देवापाशीं आणतो, तर राकुगोवाला त्यांना एका शब्दाच्या कोटीवर धाडकन् आपटून नमस्कार करतो.

मराठींतील ग्रंथस्थ विनोद मात्र इंग्रजीच्या शाळेंत शिकला. नागपूरांत जन्मलेल्या श्रीपाद कृष्ण कोल्हटकरांनीं 1902 मध्यें ‘साक्षीदार’ लिहून जी परंपरा घातली, तिच्यावर पाश्चात्त्य विनोदकारांचा संस्कार उघड आहे, आणि तिचें ऋण मोठें आहे. परंतु त्याच मापानें मंडईंतील गंमत मोजली गेली व ग्राम्य ठरून बाजूला पडली. पु. ल. देशपांड्यांनीं आपल्या पूर्वेकडील प्रवासाच्या पुस्तकाला ‘पूर्वरंग’ असें नांव दिलें. ही द्व्यर्थी कोटी ओसाकाच्या माणसाला समजावून सांगण्यास मान्झाइचा दुसरा गडीच लागेल.

अशा कोट्या बोलीच्या पलीकडे सहसा जात नाहींत. उमरेडकडील सोंगाड्याचा झाडीबोलींतील शब्दखेळ पुण्याच्या श्रोत्याच्या डोक्यावरून जातो, जसा ओसाकाच्या बोलीचा ठसका एके काळीं तोकियोला परका वाटे. पण रेडिओ आणि पुढें दूरचित्रवाणी यांनीं ओसाकाची बोली साऱ्या जपानला हंसण्याइतकी परिचित करून दिली. गंमतींतला शब्द मंडईच्या मांडवाबाहेर अद्याप फारसा पडलेला नाहीं.