डान्सबारचा परवाना कुणाच्या नावावर होता?

डान्सबारचा इतिहास सांगायला बसलं की लोक थेट आर. आर. पाटलांवर येतात. मला तो परवान्यापासून सांगावासा वाटतो. कारण या धंद्यात ज्याच्या नावावर कागद होता तो तगला. जिच्या जिवावर धंदा चालला, तिच्या नावावर कागदाचा चिटोराही नव्हता.

१९४९ च्या दारूबंदी कायद्याची पकड सत्तरच्या दशकात सैल झाली आणि परमिट रूम आल्या. त्या चालवणाऱ्यांत उडुपी-मंगळूरकडून आलेले हॉटेलवाले बरेच होते, पंजाबीही होते. दारू सगळीकडे तीच, मग गिऱ्हाईक आपल्याकडे का यावं? कुणी वाढायला बायका ठेवल्या, कुणी ऑर्केस्ट्रा आणला, आणि पुढे त्या ऑर्केस्ट्रासमोर मुली सिनेमातल्या गाण्यांवर नाचू लागल्या. हे चोरून चाललेलं नव्हतं. पोलीस परवाना देत, आणि तो ज्या नियमांखाली मिळे ते १९६० चे नियम मेळे आणि तमाशांसह सार्वजनिक करमणुकीसाठी केलेले होते. म्हणजे ज्या नियमांत तमाशाचा फड बसायचा, त्यातच डान्सबारही बसवला गेला.

मालकाचा हिशेब सोपा होता. दारू चढ्या भावाने विकायची. नाचणारीला बहुतेक ठिकाणी पगार नाही. गिऱ्हाइकाने उधळलेल्या नोटा ठरलेल्या हिश्शाने वाटून घ्यायच्या. ती नोकरही नव्हती आणि भागीदारही नव्हती. तिला हजेरीपत्रक नाही, भविष्य निर्वाह निधी नाही, कामावरून काढलं तर दाद मागायला जागा नाही. शिळफाटा असो की उल्हासनगर, आमच्या ठाणे जिल्ह्यातली रीतही हीच.

३० मार्च २००५ रोजी रायगड जिल्ह्यातल्या बारवर शेकापचे आमदार विवेकानंद पाटील यांनी लक्षवेधी मांडली. उपमुख्यमंत्री आणि गृहमंत्री असलेल्या आर. आर. आबांनी मुंबईबाहेरचे डान्सबार बंद करण्याची घोषणा केली आणि थोड्याच दिवसांत मुंबईही त्यात आली. आबांच्या हेतूवर मी शंका घेणार नाही. ग्रामस्वच्छता अभियान चालवणारा, साधा राहणारा माणूस. जमिनीचे पैसे हातात आलेली पोरं बारमध्ये रिकामी होत होती, हेही खोटं नव्हतं. २१ जुलैला विधानसभेत विधेयक एकमताने मंजूर झालं. पाच दिवसांनी २६ जुलैचा पूर आला, कल्याण-डोंबिवली पाण्याखाली गेली आणि पुढचे कित्येक दिवस इथल्या माणसाला दुसरं काही सुचलं नाही. १५ ऑगस्टपासून बंदी लागू झाली.

पण कायदा नीट वाचा. मुंबई पोलीस कायद्यात ३३-अ कलम घालून परमिट रूम आणि बिअर बारमधला नाच बंद केला. लगेच पुढच्या ३३-ब कलमात तीन तारे व त्यावरची हॉटेलं आणि फक्त सदस्यांना प्रवेश असलेले जिमखाने यांना सूट दिली. नाच तोच, बघणारा श्रीमंत असला की तो अश्लील राहत नाही! १२ एप्रिल २००६ रोजी मुंबई उच्च न्यायालयाच्या न्या. रिबेलो आणि न्या. रोशन दळवी यांनी नेमका हाच भेदभाव पकडला, आणि व्यवसायाच्या हक्कावरही गदा येते म्हणून बंदी रद्द केली. सरकार सर्वोच्च न्यायालयात गेलं. तिथे १६ जुलै २०१३ रोजी सरन्यायाधीश अल्तमस कबीर आणि न्या. निज्जर यांनी उच्च न्यायालयाचा निकाल कायम केला. सुमारे ७५ हजार स्त्रिया बेकार झाल्या आणि त्यांतल्या कित्येकींना देहविक्रीकडे वळावं लागलं, हे न्यायालयासमोर मांडलेलं होतं. रोगापेक्षा इलाज वाईट ठरला, असं न्यायालयाचं मत पडलं.

म्हणजे मधली आठ वर्षं गेली. मालकांनी काय केलं? ज्यांना जमलं त्यांनी बोर्ड बदलून ऑर्केस्ट्रा बार केला. त्यांच्याकडे संघटना होती, वकील होते, जागा होती. बायकांचीही युनियन उभी राहिली, कोर्टात गेली, मोर्चे निघाले. पण युनियन घरभाडं देत नाही.

आपल्याकडे तेव्हा या बंदीचं स्वागत झालं. हराम कमाई बंद झाली, एवढ्यावर विषय संपला. कमाई हलाल नव्हती, याबद्दल माझंही दुमत नाही. पण बंदीच्या बाजूने बोलताना या बायकांना सरसकट ‘बांगलादेशी’ ठरवणारी भाषाही सुरू झाली होती, आणि आपण तीही निमूट ऐकून घेतली. हा शब्द पुढे कुणाकुणाच्या दारावर येतो, हे मुंब्रा आणि भिवंडीत राहणाऱ्यांना मी सांगायला नको. शिवाय आपली तहजीब आठवा. १८९९ मध्ये आलेली मिर्झा हादी रुसवांची ‘उमराव जान अदा’ आपण उर्दूचं वैभव म्हणून मिरवतो, मीही वर्गात तिच्याबद्दल रंगून बोलतो. लखनौची तवायफ पुस्तकात असली की अदब, आणि तिच्यासारखीच एखादी रात्री दीडला रिक्षाने घरी आली की मोहल्ल्यातून हाकला. यातल्या बऱ्याच जणी पिढ्यान्‌पिढ्या नाचगाण्यावर जगणाऱ्या जमातींतल्या होत्या. राजाश्रय गेला, जमीनदार गेले, कोठे गेले, तेव्हा त्या बारपर्यंत आल्या.

एकदा दाखल्याचा फॉर्म भरताना एका आईने आईच्या व्यवसायाचा रकाना रिकामा सोडला. मी विचारलं, तर म्हणाली, “सर, पहले था, अब नहीं है. क्या लिखूँ?” मी ‘गृहिणी’ लिहिलं. तिचा चेहरा सैल झाला. त्यापुढे मी काही विचारलं नाही.

सरकार मात्र थांबलं नाही. जून २०१४ मध्ये सूट काढून सगळ्यांनाच बंदी करणारी दुरुस्ती चर्चेविना मंजूर झाली. ऑक्टोबर २०१५ मध्ये तिला स्थगिती मिळाली. मग २०१६ चा नवा कायदा आला. १७ जानेवारी २०१९ च्या निकालात त्यातली सीसीटीव्हीची सक्ती गेली. शाळा आणि प्रार्थनास्थळांपासून एक किलोमीटरची अटही गेली. ती पाळायची तर मुंबईत जागाच उरत नाही. आमच्या कल्याणात तरी कुठे उरेल? टीप द्यायला हरकत नाही, पण नोटा उधळायच्या नाहीत, असंही ठरलं. बाईशी लेखी करार करण्याची अट राहिली, महिन्याच्या पगाराची सक्ती मात्र गेली. पगारी नोकरीने तिच्या कमाईला मर्यादा पडेल, हा युक्तिवाद कागदावर पटतो. पण या धंद्यात पगार नसल्याचा फायदा आजवर कुणाला झाला, ते वर सांगितलंच आहे.

ऑर्केस्ट्रा बारसाठी पोलिसांची आणखी एक अट होती. मंचावर आठ कलाकार, त्यांत चार पुरुष आणि चारच स्त्रिया. १८ फेब्रुवारी २०२२ रोजी सर्वोच्च न्यायालयाने ही वाटणी रद्द केली. आठांची मर्यादा तशीच आहे. त्या आठांत बायका किती, हे आता परवानाधारक ठरवतो.