डाव्या तीराचे गणित

असमानतेचा आलेख शिकविताना मुलांस नेहमी असे सांगण्यात येते, की रेषा प्रतलाचे दोन भाग करते व चिन्ह त्यांपैकी एका भागाची निवड करते. मुले रेघ ओढतात, एक बाजू पेन्सिलीने भरून काढतात आणि विषय तेथेच संपतो. परंतु एका बाजूची निवड म्हणजे काय, हे ज्यास नीट पाहावयाचे असेल त्याने १८६० सालचा इंग्रज व निजाम यांचा तह आणि तेव्हाच्या चांदा जिल्ह्याच्या दक्षिणेकडील मुलखाचा नकाशा ही दोन्ही शेजारी ठेवावीत.

त्या तहाने निजामाने गोदावरी व वैनगंगा या नद्यांच्या डाव्या तीरावरील आपला मुलूख इंग्रजांस दिला. उलट धाराशिव व रायचूर दुआब त्यास परत मिळाले. वर्धा मिळाल्यानंतर वैनगंगेसच प्राणहिता म्हणतात, व ती सिरोंच्याजवळ गोदावरीस मिळते. प्रवाहाच्या दिशेने तोंड केले असता डाव्या हातास येणारा तो डावा तीर. आता हा संगम आरंभबिंदू मानू. गोदावरी येथे ढोबळ मानाने पूर्वेकडे वाहते. तिचा डावा तीर म्हणजे उत्तर, अर्थात य > ०. प्राणहिता उत्तरेकडून दक्षिणेस येते. तिचा डावा तीर म्हणजे पूर्व, अर्थात क्ष > ०.

तहात नद्या दोन का सांगितल्या, हे तीन गावे तपासून पाहिली म्हणजे कळते. काळेश्वर गोदावरीच्या दक्षिणेस. ते पहिल्याच अटीत बाद होते. चेन्नूर गोदावरीच्या उत्तरेस खरे, परंतु प्राणहितेच्या पश्चिमेस. म्हणून दुसऱ्या अटीत बाद होते. सिरोंचा दोन्ही अटी पाळते. एकट्या गोदावरीचे नाव घातले असते, तर चेन्नूरासह आदिलाबादकडील मुलूखही इंग्रजांकडे गेला असता. दोन असमानता एकदम सत्य असणे म्हणजे काय, याचे याहून स्पष्ट उदाहरण आम्हांस ठाऊक नाही.

‘पेक्षा मोठे’ व ‘पेक्षा लहान’ ही चिन्हे इंग्रज गणिती टॉमस हॅरियट याच्या १६३१ साली, त्याच्या मृत्यूनंतर, छापल्या गेलेल्या ग्रंथात प्रथम दिसली. देकार्तची भूमिती १६३७ सालची. परंतु रेघेवरील बिंदूंचे काय, हा प्रश्न उरतोच. त्यासाठी बरोबरीची खूण जोडलेले चिन्ह फ्रेंच गणिती बुगेर याने १७३४ साली वापरले. तहकर्त्यांनीही हा प्रश्न सोडविला होता: सीमेवरील नदीत नौकानयन दोन्ही राज्यांच्या प्रजेस मोकळे, जकात कोणीही घ्यावयाची नाही. म्हणजे रेघ तुटक. ती कोणत्याच बाजूची नव्हे.

या निवडीत रहिवाशांची भाषा वा सोयरीक विचारात घेतलेली नव्हती. दोन्ही तीरांवर तेलुगू बोलणारी माणसे असता सिरोंचा इंग्रजी अंमलात गेले, १८७४ साली चांदा जिल्ह्यास जोडले गेले, आणि २६ ऑगस्ट १९८२ रोजी गडचिरोली जिल्हा निर्माण झाल्यावर त्यात आले. पलीकडचा तीर १९४८ पर्यंत निजामाकडे राहिला.

त्याच नदीवर २०१६ साली महाराष्ट्र व तेलंगण यांच्यात दुसरा करार झाला. मेडिगड्डा येथील बंधाऱ्याची जलपातळी १०० मीटरपर्यंतच असावी, असे त्यात ठरले. ही अट ‘शंभराहून कमी’ अशी नसून ‘शंभर किंवा कमी’ अशी आहे. येथील रेघ तुटक नव्हे, सलग होय. २०१९ साली बंधारा सुरू झाला. पुढे फुगवट्याच्या पाण्याने पिके बुडतात, अशी तक्रार सिरोंचा तालुक्यातील शेतकरी करू लागले. २०२३ च्या ऑक्टोबरात बंधाऱ्याचे काही खांबच खचले.

वर्गात बरोबरीची लहानशी आडवी रेघ विसरल्यास मुलाचा एखादा गुण जातो. ज्याचे शेत नेमके शंभराच्या रेघेवर आहे, त्याचे मात्र तेवढ्या रेघेने पीक जाते. म्हणून आलेख काढताना आतल्या बिंदूपेक्षा काठावरचा बिंदू आधी तपासावा, असे आम्ही विद्यार्थ्यांस सांगतो.