पायऱ्यांचा न्याय

कवठे येमाईच्या एखाद्या शेतकऱ्यावर बांधाच्या भांडणातून मारहाणीचा खटला झाला, तर तो साधारणतः शिरूरच्या प्रथमवर्ग न्यायदंडाधिकाऱ्यांपुढे चालतो. शिक्षा झाल्यास अपील सत्र न्यायालयात, आणि पुढे मुंबईला उच्च न्यायालयात दाद. पक्षकाराला ही चढण म्हणजे खर्च, हेलपाटे आणि तारखा वाटते. वास्तविक प्रत्येक पायरी म्हणजे खालची चूक दुरुस्त होण्याची एक संधी असते. मग खटला चालू असतानाच वरच्या न्यायालयाने त्यात हात घालावा काय, आणि घातलाच तर किती? या प्रश्नाचे उत्तर घडवणाऱ्या निकालांपैकी दोन महाराष्ट्रातील खटल्यांतून आले. योगायोग असा, की दोन्हींत ए. आर. अंतुले यांचे नाव आहे. एकदा बदनामी झालेले मंत्री म्हणून, दुसऱ्यांदा आरोपी म्हणून.

१९७४ साली समाजवादी नेते मधु लिमये यांनी तेव्हाचे राज्याचे कायदामंत्री अंतुले यांच्यावर पत्रकार परिषदेत आरोप केले. सरकारी वकिलांनी मुंबईच्या सत्र न्यायालयात बदनामीची फिर्याद दाखल केली. या न्यायालयाला ती चालवण्याचा अधिकारच नाही, हा लिमये यांचा आक्षेप फेटाळला गेला, तेव्हा ते उच्च न्यायालयात गेले. तेथे १९७३ च्या फौजदारी प्रक्रिया संहितेतील कलम ३९७(२) आडवे आले. वादकालीन आदेशाविरुद्ध पुनरीक्षण अर्ज चालणार नाही, अशी ती तरतूद होती. खटले जागोजागी अडवले जाऊ नयेत, हा तिचा हेतू.

३१ ऑक्टोबर १९७७ रोजी सर्वोच्च न्यायालयाने मधला मार्ग काढला. काही आदेश अंतिम नसतात, तसे निव्वळ वादकालीनही नसतात. आक्षेप मान्य झाला असता तर खटलाच संपला असता, असे ते असतात. शिवाय प्रक्रियेचा दुरुपयोग रोखण्याचा उच्च न्यायालयाचा अंगभूत अधिकार या मनाईने नाहीसा होत नाही. मात्र तो फार क्वचित वापरावा. दार बंद न करता उंबरठा उंच केला गेला. २०२४ पासून लागू झालेल्या नागरिक सुरक्षा संहितेनेही ही मनाई आणि हा अधिकार, दोन्ही कायम ठेवले आहेत.

दुसरे प्रकरण अधिक बोचरे. सिमेंट वाटप आणि प्रतिष्ठानांसाठी घेतलेल्या देणग्या यांवरून जानेवारी १९८२ मध्ये अंतुले यांना मुख्यमंत्रिपद सोडावे लागले. रामदास नायक यांनी विशेष न्यायाधीशांपुढे फिर्याद केली. आमदारावर खटला भरण्यास मंजुरी नाही, या कारणावरून जुलै १९८३ मध्ये अंतुले यांना आरोपातून मुक्त करण्यात आले. १६ फेब्रुवारी १९८४ रोजी सर्वोच्च न्यायालयाने तो आदेश रद्द केलाच, पण आणखी एक पाऊल पुढे टाकले. खटला लवकर निघावा म्हणून तो विशेष न्यायाधीशांकडून थेट मुंबई उच्च न्यायालयाकडे सोपवला. हेतू निर्मळ होता.

चार वर्षे गेली, साक्षीपुरावे झाले, आणि २९ एप्रिल १९८८ रोजी सात न्यायमूर्तींच्या पीठाने बहुमताने ठरवले, की तो आदेशच चुकीचा होता. १९५२ च्या कायद्यानुसार असा खटला विशेष न्यायाधीशानेच चालवायचा. अधिकारक्षेत्र निर्माण करणे हे विधिमंडळाचे काम, न्यायालयाचे नव्हे. शिवाय खटला थेट उच्च न्यायालयात नेल्याने आरोपीच्या हातची अपिलाची एक पायरीच गेली होती. न्यायालयाच्या कृतीने कोणाचे नुकसान होता कामा नये, या तत्त्वानुसार उच्च न्यायालयातील कार्यवाही रद्द झाली. घाईने वाचवायचा होता तो वेळच वाया गेला.

न्या. वेंकटचलय्या यांचे भिन्नमतही दुर्लक्षावे असे नाही. पक्षकारांपुरता अंतिम झालेला निकाल असा पुन्हा उघडू लागला, तर अंतिमतेला अर्थ काय उरेल, हा त्यांचा सवाल होता. त्याचे उत्तर बहुमताने सोपे केलेले नाही.

तरीही मला बहुमताची बाजू पटते. प्रकरण एका अप्रिय, बलाढ्य आरोपीचे होते, म्हणून आपल्याला त्याची पायरी काढून घेतल्याचे फारसे वाईट वाटले नाही. परंतु जो नियम अशा माणसासाठी वाकतो, तो शिरूरच्या न्यायालयाबाहेर पिशवीत कागद घेऊन बसलेल्या माणसासाठी ताठ राहील, याची खात्री कोणी द्यावी? आणि त्या माणसाकडे सात न्यायमूर्तींपर्यंत जाऊन गेलेली पायरी परत मागण्याची ऐपत नसते.